सरळ शंभर मीटर

यमूताई गेल्या त्याच्या दुसऱ्याच दिवशी नवघर नाक्यावर बॅनर लागला. वरच्या रांगेत हात जोडलेले सात जण, त्यांतल्या एकानेही त्यांना धावताना पाहिलेलं नव्हतं. खाली कोपऱ्यात पासपोर्ट फोटोएवढ्या यमूताई. आणि त्यांच्या नावाआधी, लांबून वाचता येईल अशा अक्षरांत, 'सुवर्णकन्या'. मी रस्त्यातच ओरडले. शिडीवर चढून दोरी आवळणारा माणूस खाली बघून म्हणाला, "मॅडम, मैं तो सिर्फ बांधता हूँ."

तर खरं काय ते लिहिते. यमुना भोईर यांना देशाबाहेर एकही सुवर्णपदक मिळालं नाही. रौप्य नाही, कांस्यही नाही. त्या शंभर मीटर हर्डल्स धावायच्या. चार वेळा देशाचं नाव छातीवर घेऊन परदेशात धावल्या आणि त्यांतल्या सगळ्यात मोठ्या शर्यतीत चौथ्या आल्या. हे त्या स्वतःच सांगायच्या, विचारलं तरी आणि न विचारलं तरी. ज्यांनी त्या जिवंत असताना मैदानावर पाण्याचा एक नळ बसवून दिला नाही, त्यांनी त्या गेल्यावर सोनं वाटलं. फ्लेक्सवरच्या सोन्याला काय लागतं?

माझी त्यांची ओळख पत्रकामुळे झाली. नवघर आणि इंद्रलोकच्या मधे, जुन्या मिठागराच्या कडेने एक लांबट मोकळी जागा होती. कागदोपत्री खेळाचं मैदान. तिथे 'क्रीडा संकुल' येणार अशी नोटीस लागली. खाली पार्किंग, वर बॅडमिंटन, त्याच्याही वर लग्नाचा हॉल. म्हणजे खेळाच्या नावाने खेळाचीच जागा खायची. आम्ही आठ-दहा जणांनी 'मैदान वाचवा' समिती काढली आणि पहिलं पत्रक मी लिहिलं. संध्याकाळी मैदानावर वाटत होते. लोक पत्रक घेतात, घडी घालतात आणि पुढच्या वळणावर टाकतात, याची मला सवय आहे. सलवार-कुर्त्यावर कॅनव्हासचे बूट घातलेल्या एका काळ्यासावळ्या, काटक बाईंनी मात्र चष्मा लावून ते उभ्याउभ्या शेवटपर्यंत वाचलं. मग उलटवून मागची कोरी बाजूही पाहिली.

"लांबी कुठं हाय?"

"कसली?"

"मैदानाची. तू चौरस मीटर लिवलंस. चौरस मीटरमधी कोन धावतं गो?"

त्यांनी माझ्या खांद्याला धरून मला मिठागराच्या बाजूला वळवलं आणि हात लांब केला. पहिला हर्डल तेरा मीटरवर. मग दर साडेआठ मीटरला एक, असे दहा. शेवटच्यानंतर साडेदहा मीटर मोकळं धावायचं, आणि रेषेच्या पुढे थांबायला जागा. मधे वळण नको, खांब नको, टपरी नको. "अख्ख्या भाईंदरात एवढी सरल जमीन हीच उरली. तुना मैदान वाचवायचं हाय, मना सरल शंभर मीटर पायजे. जमतं का बघ." आणि माझ्या हातातलं अर्धं बंडल घेऊन त्या रिक्षास्टँडकडे वाटायला गेल्यासुद्धा. त्या दिवसापासून मी त्यांची 'पत्रकवाली'.

त्या मैदानावर त्या रोज संध्याकाळी दहा-बारा पोरींना धावायला शिकवायच्या. कुठल्या संस्थेकडून नाही, कुणी सांगितलं म्हणून नाही. हर्डल त्यांचे नवरे दत्ताकाका यांनी प्लॅस्टिकच्या पाइपांचे बनवलेले. ते सायकलला बांधून आणायचे, मांडायचे आणि मग बांधावर बसून बिडी ओढत राहायचे. ताईंना खेळाडूंच्या कोट्यातून नोकरी लागली होती, पण ती कशी लागली आणि किती उशिरा, हा वेगळाच संताप आहे.

हर्डल किती उंच असतो, असं पुरुष विचारायचे तेव्हा ताई आकडा सांगायच्या. बायकांना सांगायच्या, "ओट्याएवढा." ते खरंच तंतोतंत आहे, मी आमच्या घरी मोजून पाहिलं. त्यांच्या स्वतःच्या स्वयंपाकघरात तर ओटा चुलीपेक्षा पायासाठीच जास्त होता. चहा उकळेपर्यंत एक पाय ओट्यावर सरळ ठेवायचा आणि कपाळ गुडघ्याला टेकवायचं. साठीतली बाई! दत्ताकाका दारातून ओरडायचे, "अगो, भाकर कनची आनि पाय कनचा, ता तरी बघत जा!"

वाटेत आडवं काही आलं तर त्याला वळसा घालणं त्यांना माहीत नव्हतं. आमच्या सोसायटीच्या फाटकाला गाड्या अडवायला साखळी लावतात. बाजूला माणसांसाठी रस्ता आहे. ताई साखळीवरूनच यायच्या, डावा पाय सरळ पुढे, उजवा मागून आडवा, आणि चालण्याची लय तीच. वॉचमन रोज सांगायचा, "आंटी, इधर से खुला है." ताई रोज म्हणायच्या, "हमको मालूम है."

या डाव्या पायाची गोष्ट दत्ताकाकांनी सांगितली. लग्न झालं तेव्हा ताई परदेशातून शर्यत धावून परतल्याला पंधरा दिवसही झाले नव्हते. वरात घरी आली. उंबऱ्यावर तांदळाचं माप ठेवलेलं. करवल्यांनी कानात सांगितलं, उजव्या पायाने हलकेच पाड आणि आत ये. "ही उंबऱ्यापाशी आली," दत्ताकाका म्हणाले, "माप बघितलान, आनि गेली की वरून! डावा पाय पुढं. शालूसकट. मी भायेर, ही आतमंदी, आनि माप जागच्या जागी. एक दाना न्हाय सांडला."

"मग?"

"माजी आय बोलली, 'ही लक्ष्मी हाय का मांजर?'"

कुणी अपशकुन म्हणालं, कुणी तोंडाला पदर लावून हसलं. सासूबाईंनी हुकूम सोडला, परत बाहेर जा आणि नीट पाडून ये. ताई बाहेर गेल्या, पुन्हा चालत आल्या आणि पुन्हा वरून गेल्या. शेवटी दत्ताकाकांनीच पाय लावून माप पाडलं. "नवऱ्यानं माप पाडलेलं नवघरात एकच घर हाय. ह्ये."

ताई आतून ओरडल्या, "आठ वरसं 'पाडू नको, पाडू नको' शिकवलं. एका सांच्याला पाडायला कसं येनार?"

खरं म्हणजे हर्डल पाडला तर धावणारा बाद होत नाही. हे मला त्यांच्याकडूनच कळलं. मुद्दाम नसेल तर दहाच्या दहा पाडले तरी चालतात. फक्त वेळ जातो. आणि त्यांची सासू? त्याच बाईने पुढे सून मिठागराच्या बांधावर सराव करायची तेव्हा हातात काठी घेऊन तिथे उभं राहायचं काम केलं, कारण पोरं दगड मारायची. बांधावर. धावपट्टी नव्हती म्हणून. देशासाठी धावणारी मुलगी मिठाच्या बांधावर सराव करत होती आणि तिचं संरक्षण म्हणजे एक सासू आणि एक काठी. मी हे सभेत सांगायचे तेव्हा माझा आवाज चढायचा. ताई म्हणायच्या, "बांध चांगला होता गो. सरल होता."

शाळांना त्यांची आठवण वर्षातून एकदा, क्रीडादिनाला यायची. एका शाळेत मी बरोबर होते. बाईंनी प्रास्ताविकात सांगितलं, आता प्रमुख पाहुण्या आपल्याला जीवनाच्या शर्यतीतले अडथळे कसे पार करावेत ते सांगतील. ताई माइकसमोर उभ्या राहिल्या. "जीवनाचं मला माहीत नाही. हर्डलचं सांगते." व्यासपीठावरच्या दोन खुर्च्या त्यांनी आडव्या करायला लावल्या आणि पुढच्या रांगेतल्या मुलींना एकेक करून वर बोलावलं. मुलींनी उड्या मारल्या. "उडायचं नाही. धावायचं. मधे आलं म्हणून पाय जरा उचलायचा, बस. हवेत राहिलात तेवढा वेळ धावणं बंद." अर्धा तास हेच. पाहुण्यांसाठी आणलेली शाल तशीच राहिली. पोरी घामाघूम झाल्या, आणि निघताना एक मुलगी त्यांचा हात सोडेना.

आता माझी चूक.

मोहिमेला चेहरा हवा होता. दत्ताकाकांकडून मी ऐकलं होतं की त्या मोठ्या शर्यतीच्या आदल्या दिवशी ताईंना मिळालेले बूट एक नंबर मोठे होते. बोटांपुढे कापूस भरून त्या धावल्या आणि नवव्या हर्डलवर अडखळल्या. मला आणखी काय पाहिजे? मी पत्रक लिहिलं, 'व्यवस्थेने हिरावलेलं पदक'. बूट, कापूस, नववा हर्डल, आणि आता त्याच यमुना भोईर यांचं मैदान. छान जमलं होतं. दोन हजार प्रती छापल्या, त्यांतली एक दत्ताकाकांना दाखवायला दिली.

दुसऱ्या दिवशी दुपारी बेल वाजली. दारात ताई. चार मजले चढून आल्या होत्या, पण धाप मलाच लागली.

"ही बाई कोन?" पत्रक माझ्यासमोर धरून त्या म्हणाल्या.

"ताई, तुम्हीच."

"मना कोनी पाडलं?"

"पाडलं असं नाही लिहिलं, पण बूट—"

"बूट मोठे होते. त्याच बुटात आठ हर्डल गेले ना बरोबर? मग नवव्यालाच बूट कसा आडवा आला?"

मी विचारलं, मग झालं काय? त्या खुर्चीवर बसल्या. पत्रकाच्या कडा सरळ केल्या.

"माज्या डाव्या हाताची जी होती, ती दिसली मना. पुढं नव्हती, बरोबर होती. मी तिच्याकडं बघितलं. बस, तेवढंच. मागचा पाय खाली राहिला." मग म्हणाल्या, "ते बघनं माजं हाय. ते मी कोनाला देनार न्हाय. तुज्या व्यवस्थेला पन न्हाय."

"पण अन्याय झाला होता ना तुमच्यावर?"

"झाला की. लय झाला. त्याचा दुसरा कागद कर, मी एकेक सांगते. पन नववा हर्डल त्यात घालू नको. किती उरलेत हे?"

"सगळेच. आज वाटणार होतो."

"पेन आन."

त्या दुपारी आम्ही दोघी माझ्या हॉलमध्ये जमिनीवर बसून दोन हजार पत्रकांवरच्या तीन ओळी खोडत होतो. मी भराभर रेघ मारत होते. त्या प्रत्येक ओळ वेगळी, पट्टी ठेवल्यासारखी सरळ खोडत होत्या. आई चहा घेऊन आली आणि हे काय चाललंय म्हणाली. ताई म्हणाल्या, "तुमच्या लेकीनं मना बिचारी केली होती. ते पुसतंय." दुसरा कागदही मी लिहिला. त्यांनी सांगितलेलं सगळं त्यात होतं: मुलींना सरावासाठी मैदानाचं फाटक न उघडणारे पदाधिकारी, निवडीची तारीख मुद्दाम उशिरा कळवणारं पत्र, चौथी आल्यावर विमानतळावर हार न घालताच परतलेली माणसं. तो कागद वाचून मला संताप येतो, अजूनही. ताईंनी तो वाचून एवढंच म्हटलं, "ह्ये बरोबर हाय."

मग सुनावणीचा दिवस आला. संकुलावरच्या हरकती ऐकायला महापालिकेचे साहेब बसणार होते. मी ताईंना सांगून ठेवलं, देशाच्या संघाचा ब्लेझर घाला, त्यावरचा बिल्ला दिसला पाहिजे. त्या नेहमीच्याच कपड्यांत आल्या, वर खुशबूला घेऊन. खुशबू त्यांची सगळ्यात वेगवान पोरगी. बाप इस्त्रीवाला, वय चौदा, आणि येत्या मोसमात ती जिल्ह्यासाठी पहिल्यांदा पूर्ण दहा हर्डल धावणार होती. ताईंचा सगळा जीव त्या दहांत अडकला होता. संकुल नकाशात होतं तसं झालं असतं, तर मैदानात नव्वद मीटर उरले असते. नव्वद मीटरमध्ये दहा हर्डल मांडता येतात, पण शेवटचा ओलांडला की समोर भिंत.

साहेब नाकासमोर चालणारे, थकलेले गृहस्थ होते. त्यांनी विचारलं, "बाई, आपल्याला कुठलं पदक आहे?"

"नाही. चौथी आले."

खोलीत कुणीतरी हसलं. साहेबांनी उगाच विचारावं तसं विचारलं, "चौथ्याला काय मिळतं?"

"टॉवेल," ताई म्हणाल्या. "सगळ्यांनाच मिळतो. चांगला होता, दहा वर्षं वापरला."

साहेबही हसले. मग ताईंनी खुशबूला पुढे केलं आणि तेरा, साडेआठ, साडेदहा असं सगळं समजावलं. साहेबांनी नकाशा जवळ ओढला. बरोबरच्या इंजिनिअरशी कुजबुजले. म्हणाले, इमारत रद्द होणार नाही, ते माझ्या हातात नाही. पण गाड्यांचा उतार पलीकडून घेतला आणि इमारत थोडी फिरवली, तर मैदानाच्या लांबीत एकशे बारा मीटर उरतील.

मी उभी राहिले. "एक इंचही नाही! मैदान म्हणजे मैदान!" मागून आमच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या.

ताई नकाशावर वाकल्या होत्या. बोटाने काहीतरी मोजत होत्या. शंभर आणि बारा. "रेषेपुढं बारा," त्या स्वतःशी म्हणाल्या. खुशबूने हळूच विचारलं, "मॅडम, रुक पाऊँगी मैं?" ताईंनी तिच्याकडे पाहिलं, मग साहेबांकडे. "चालेल," त्या म्हणाल्या. "लिहून द्या."

बाहेर आल्यावर मी त्यांना नको ते बोलले. तुम्ही मैदान विकलंत, असं म्हटलं. हे शब्द मीच उच्चारले, ते खोडायला कुणी पेन देत नाही. ताई रागावल्या नाहीत. "तुजं मैदान कागदावर हाय गो, ते तू लढ. लढायलाच पायजे. माज्या पोरींना या वरसाला धावायचं हाय. पुढच्या वरसाला पाय लांब होतात, लय बदलते, बाप गावाला पाठवतो." एवढं बोलून त्यांनी खुशबूचा हात धरला आणि रस्ता ओलांडला.

मी सहा महिने तिकडे गेले नाही. आम्ही दुसऱ्या ठिकाणी अर्ज केले, मोर्चा काढला, आणखी पत्रकं. संकुलाचं काम सुरू झालं, भिंत उभी राहिल्याचं कळलं. मग एका संध्याकाळी मी टेप घेऊन मैदानावर गेले. खोटं कशाला सांगू, एकशे बाराचे एकशे आठ केले असतील, निदान एकशे दहा, या आशेने गेले. तसं निघालं असतं तर पत्रक तयारच होतं. दत्ताकाका बांधावर होते. काही न विचारता त्यांनी टेपचं दुसरं टोक धरलं. एकशे बारा भरले. बोटभरही कमी नाही.

"कशाला मोजतंस," काका म्हणाले. "ती रोज मोजते."

दहा हर्डल मांडलेले होते. पलीकडच्या टोकाला खुशबू, पायांतले बूट घट्ट करत. आणि रेषेच्या पुढे, बारा मीटर पुढे, ती नवी करडी, सिमेंटची भिंत. भिंतीवर दोन जुन्या कापसाच्या गाद्या उभ्या बांधलेल्या. गाद्यांना पाठ लावून यमूताई. दोन्ही हात पसरलेले.

खुशबू निघाली. तीन पावलं आणि वर, तीन पावलं आणि वर. सातव्याला एक पाइप वाजला, पण लय मोडली नाही. दहावा. रेषा. आणि मग तो सगळा वेग घेऊन पोरगी सरळ भिंतीकडे. बारा मीटरमध्ये तो मावणार नव्हता, हे मलासुद्धा दिसत होतं. ताई ओरडत होत्या, "आ, आ, रुकना मत!" धप्प आवाज झाला. दोघी गादीत रुतल्या. ताईंचे हात खुशबूच्या पाठीवर बंद झालेले, चष्मा कानावरून लोंबकळत होता.

मग ताईंनी तिला सरळ उभी केली.

"रेषेच्या आधी कमी केलंस. भिंतीला घाबरलीस?"

"आपको लग जाता, मॅडम."

"मेरा मैं देखती. दहावे के बाद मेरे को देखने का, दीवार को नहीं. फिर से."

खुशबू धापा टाकत परत टोकाकडे गेली. ताईंनी चष्मा सारखा केला, गादीची सुटलेली दोरी ओढून बांधली, पुन्हा पाठ टेकवली, पुन्हा हात पसरले. तेव्हा त्यांना मी दिसले. मला वाटलं, काहीतरी म्हणतील. मला म्हणायचं होतं तेही मी जुळवून ठेवलं होतं.

"बाजूला हो गो," त्या म्हणाल्या, "लायनीत हायस."

मी बाजूला झाले. खुशबू निघाली होती.